प्लास्टरातला कोबी

"धर! अरे घट्ट धर, सटकतोय!"

"घट्ट कसा धरू? हात भाजतायत माझे!"

"मग हलका धर, पण सोडू नकोस. सोडलास तर मी तुला सोडणार नाही!"

रविवारची सकाळ होती, आणि आम्ही दोघे म्हातारे दोन टॉवेल घेऊन एक उकडलेला कोबी पातेल्यातून बाहेर काढत होतो. कोबी म्हणजे तुम्ही रोज चिरता तसला नव्हे. हा आदल्या दिवशी बसमधून घरी आला तेव्हा त्याला मांडीवर घेऊन, गार लागू नये म्हणून मफलरमध्ये गुंडाळून आणला होता, आणि शेजारच्या बाईने मफलर बाजूला करून "कुणावर गेलाय?" असं विचारलं होतं. कंडक्टरने अर्धं तिकीट मागितलं. खोटं वाटत असेल तर कंडक्टरला विचारा.

कोबी चाळणीत उपडा पडला, आणि माझा मित्र त्याच्यापुढे गुडघे टेकून बसला. देठाकडून, पानांच्या मधून, सगळीकडून त्याने पाहणी केली.

"एकही तुटलं नाही," तो म्हणाला. त्याच्या भुवयांवरून पाणी गळत होतं, घाम का वाफ ते त्यालाच ठाऊक. "थापाड्या, एकही पान तुटलं नाही!"

थापाड्या म्हणजे मी. खालच्या मजल्यावर राहतो. आणि त्याला सगळे म्हणतात प्लास्टर. मोठ्या हॉस्पिटलात हाडं मोडलेल्यांना प्लास्टर घालणं हा त्याचा आयुष्यभराचा धंदा. डॉक्टर हाड बसवून हात धुवायला जातात, पुढचं सगळं प्लास्टरच्या हातात. त्याचा हात असा की एकदा त्याने चौकातल्या पुतळ्याच्या मोडक्या बोटाला प्लास्टर घातलं आणि महिन्याने काढलं तर बोट सांधलेलं. हे मी डोळ्यांनी पाहिलेलं नाही, पण मीच सगळ्यांना सांगितल्यामुळे गावात आता त्याबद्दल दुमत नाही.

तर असा हा माणूस. बायको जाऊन बरीच वर्षं झालेली. तेव्हापासून दोन्ही वेळेला हॉस्पिटलच्या स्वयंपाकघरातला डबा खाणारा. स्वतःच्या घरात गॅस कुठल्या बाजूला फिरवला की पेटतो हे त्याने त्या सकाळी मला विचारलं. आणि हा माणूस अख्खा कोबी भरून शिजवायला निघाला होता, दुपारच्या जेवणाला, एका बाईसाठी.

बाई म्हणजे हॉस्पिटलच्या धुलाईखात्याच्या प्रमुख. सगळे त्यांना नुसतं 'बाई' म्हणतात. बॉयलरच्या मागे एक बाकडं आहे, तिथे ऊब असते. त्या बाकावर प्लास्टर आणि बाई रोज सकाळी चहा पीत. किती वर्षं, ते दोघांनीही मोजलेलं नाही. गप्पा काय, तर चादरींच्या आणि हाडांच्या. त्या रविवारच्या दोन दिवस आधी बाई म्हणाल्या, "महिनाअखेरीस नोकरीतून सुटले मी. भाच्याकडे जायचं. त्यानं व्हरांड्यात खाट टाकलीय माझ्यासाठी." मग चहाचा घोट घेऊन म्हणाल्या, "जायच्या आधी एकदा तो अख्खा भरलेला कोबी मात्र खायचा होता. आमच्याकडे करायचे लहानपणी. भाच्याच्या घरी कोण करतंय."

आणि प्लास्टरच्या तोंडून निघून गेलं, "मी करतो की! दर रविवारी करतो."

हे त्याने मला संध्याकाळी सांगितलं तेव्हा त्याचे कान अजून लाल होते.

"दर रविवारी?" मी म्हटलं. "अरे, मी थापा मारतो, पण आधी जरा विचार करून मारतो."

"तू हसू नकोस. तिला जाऊ द्यायचं नाहीये मला."

"मग तसं सांग. त्यात कोबी कशाला?"

"रिकाम्या हातानं विचारू? ह्या वयात? कोबी टेबलावर येईल, अख्खा. मी तो कापीन. आणि मग विचारीन, की बाई, इथेच राहता का."

"आणि फुटला तर?"

त्याने लाल कान चोळले. मग म्हणाला, "फुटला तर कुठल्या तोंडानं विचारू? ती म्हणेल, एक कोबी सांभाळता आला नाही, आणि म्हणे मला सांभाळतो!"

म्हणून हॉस्पिटलच्या आचारीणबाईंकडून त्याने सगळी रीत समजून घेतली होती. त्यांनी बजावलं होतं, "पानं उलगडायची, तोडायची नाहीत. एक जरी पान देठापासून सुटलं तर ती भाजी झाली. मधला गाभा कोरून काढायचा, तिथे सारण. मग पानापानाच्या मधे सारण. मग पुन्हा मिटायचा, जसा होता तसा. आणि फडक्यात गुंडाळून आवळून बांधायचा, नाहीतर भांड्यात फुलतो आणि सगळं बाहेर."

गाभा कोरताना प्लास्टरने श्वास रोखून धरला होता. मीही धरला. पाठोपाठ तो एकेक पान मागे वळवू लागला. आता सांगतो, मी आयुष्यात पुष्कळ गोष्टी पाहिल्यात आणि न पाहिलेल्या त्याहून जास्त सांगितल्यात, पण तसे हात पुन्हा पाहिले नाहीत. मोडलेल्या मनगटाखाली तळवा सरकवावा तसा तो पानाखाली हात सरकवायचा, आणि पान आपणहून मागे व्हायचं. मधली जाड शीर आडमुठी असते. तिला तो नुसता अंगठ्याने थोडा वेळ दाबून धरायचा, आणि हळू आवाजात म्हणायचा, "झालं, झालं."

"कोबीला कळतं का रे ते?" मी विचारलं.

"माणसाला तरी कुठे कळतं? पण सैल पडतो."

सारण माझ्याकडे होतं. अर्धवट शिजलेला भात, परतलेला कांदा, खिमा, बारीक चिरलेली अळंबी, ठेचलेली मिरी, आणि बांधून राहावं म्हणून एक अंडं. अंडं फोडताना अर्धं कवच आत गेलं, ते मी गुपचूप काढलं. सगळं नाही निघालं. असो, कॅल्शियम हाडांना चांगलं असतं.

"भर," तो म्हणाला. "दाबून नको. पोकळही नको. सूज उतरायला जागा ठेवावी लागते."

"कसली सूज? भात आहे तो!"

"भात फुगतो ना? तीच सूज."

मी भरत गेलो, तो मिटत गेला. शेवटचं, सगळ्यांत मोठं, गडद हिरवं पान त्याने वरून शालीसारखं ओढलं, आणि कोबी पुन्हा कोबी झाला. आत काय आहे याची बाहेर चाहूलही नव्हती. आम्ही दोघे एकमेकांकडे बघून पोरांसारखे हसलो. प्लास्टर तर उड्याच मारायचा बाकी होता. घड्याळात बघितलं, बाई यायला अजून चांगला वेळ होता.

"आता बांधायचं!" तो म्हणाला. "तू जा, तुझा ओव्हन वर आण. माझ्याकडे काही नाही. तोवर मी बांधतो."

मी खाली गेलो. ओव्हन काढला, जिन्यावर दोनदा टेकवला, वाटेत पहिल्या मजल्यावरच्या काकूंनी "काय विशेष?" म्हणून अडवलं, त्यांना दूतावासातून एक पाहुणे येणार असल्याचं सांगावं लागलं, आणि असं करत मी वर पोचलो. दारातून बघतो तर प्लास्टर पाठमोरा, बाह्या दुमडलेल्या, शीळ घालत कामात गढलेला. अंगात नुसता उत्साह संचारला होता.

"झालंच," तो वळूनही न बघता म्हणाला. "फक्त नीट गुळगुळीत करतो. बोटांची टोकं लावायची नसतात, खड्डे पडतात. तळव्यानंच फिरवायचं." आणि खिशातून पेन काढून त्याने त्या गोळ्यावर काहीतरी लिहिलं.

मी ओव्हन खाली ठेवला. जवळ गेलो. टेबलावर एक पांढराशुभ्र, गोल, गुळगुळीत, चकाकणारा गोळा होता, आणि त्यावर त्या दिवसाची तारीख घातली होती.

"प्लास्टर," मी म्हटलं, "हे काय आहे?"

"काय म्हणजे? आधी मलमलचं फडकं, मग कापसाची गादी, मग..." तो थांबला. स्वतःच्या हातांकडे बघितलं. हात कोपरापर्यंत पांढरे. बाजूला कोमट पाण्याचं घमेलं. शेजारी त्याची पेटी उघडी. इमारतीतलं कुणी ना कुणी पडून-धडपडून त्याच्या दाराशी येतंच, म्हणून ती पेटी घरी असते. तिच्यातल्या प्लास्टरच्या गुंडाळ्या संपलेल्या.

झालं होतं ते असं. बांधायचं म्हणून तो पेटीतून साधी पट्टी काढायला गेला. गोल, ऊबदार, जपून धरायची वस्तू समोर. मन बाईंपाशी. आणि हातांनी, ज्यांना आयुष्यभर दुसरं काही ठाऊकच नाही, त्यांनी आपलं काम सुरू केलं. पट्टी पाण्यात बुडवली, बुडबुडे थांबेपर्यंत वाट बघितली, हलकेच पिळली, कोबीला प्लास्टर घातलं, आणि पेशंटच्या प्लास्टरवर घालतात तशी तारीखही घातली. पहिल्या प्रतीचं. जागतिक दर्जाचं. हाड असतं तर महिन्यात जुळलं असतं.

"काढ लवकर!" मी ओरडलो.

त्याने बोटाने टकटक केलं. आतून लाकडी दारासारखा आवाज आला.

"बसलं," तो म्हणाला, आणि मटकन खुर्चीत बसला. "माझं कधी कच्चं राहत नाही रे."

"काप मग!"

"आत्ता कापलं तर मऊ पानं दाबली जातील. फुटेल." त्याचा आवाज अगदी बारीक झाला होता. "आणि कच्चा आहे अजून आतून."

आम्ही दोघे त्या गोळ्याकडे बघत बसलो. तोही तारीख कपाळावर घेऊन आमच्याकडे बघत होता. प्लास्टर बसताना गरम होतं, हे तुम्हाला माहीत नसेल. त्या गोळ्यातून चक्क ऊब येत होती. मी हात शेकले. आणि हात शेकता शेकता मला सुचलं.

"अरे, हा आतून गरम होतोय, तर बाहेरून पण करू की! असाच जाऊ दे ओव्हनमध्ये. भांड्यात फुलायची भीती नाही, पान सुटायची भीती नाही. ह्याच्याइतका घट्ट बांधलेला कोबी जगात कुणी बघितलाय?"

प्लास्टरने वर बघितलं. त्याच्या डोळ्यांत हळूहळू दिवे लागले.

"खिडकी," तो म्हणाला.

"बंद आहे की."

"ती नव्हे! आत जखम असली की प्लास्टरला खिडकी ठेवतात. औषध घालायला, बघायला. खिडकी पाडू! वाफ जाईल, आणि तिथून टोमॅटोचा रस आत सोडता येईल!" आणि तो उठलाच. अजून पुरतं वाळलं नव्हतं, तेवढ्यात त्याने सुरीने डोक्यावर सुबक चौकोनी खिडकी पाडली, झाकण बाजूला ठेवलं, कापूस बाजूला केला, फडक्याला चीर दिली, आणि नरसाळं लावून रस ओतला. आम्ही गोळा ओव्हनमध्ये ढकलला. दार जेमतेम लागलं.

पुढचा काळ आम्ही ओव्हनसमोर जमिनीवर बसून काढला. काचेतून बघत. आधी काही नाही. मग खिडकीतून वाफेचा एक धागा निघाला. मग तो जाड झाला. मग शिट्टी वाजली. हो, शिट्टी. पहिल्या मजल्यावरच्या काकूंनी ती ऐकली आणि पाहुण्यांची आगगाडी आली असं समजून केस विंचरले. मग वास आला. कांदा, मिरी, टोमॅटो, आणि त्याखाली गोडसर, उकडलेला, पोटात खड्डा पाडणारा कोबीचा वास. प्लास्टरने माझा दंड असा दाबला की आजही बटाट्याची पिशवी उचलताना मला त्याची आठवण होते.

"शिजतोय! थापाड्या, शिजतोय रे!"

आम्ही तो बाहेर काढून टेबलावर ठेवला, आणि दारावर टकटक झाली.

बाई वेळेच्या आधी आल्या होत्या. अंगावर असे कपडे की सुरकुती शोधायला भिंग लागेल. हात मात्र वर्षानुवर्षं पाण्यात राहिलेले, पांढरेफटक, मनगटं पैलवानाची. त्या दारात उभ्या राहिल्या आणि त्यांनी स्वयंपाकघर नजरेखालून घातलं. भिंतीवर पांढरे शिंतोडे. प्लास्टरच्या भुवईवर प्लास्टर. माझ्या कानात भात. आणि टेबलाच्या मधोमध डोक्यातून धूर सोडणारा, तारीख घातलेला गोळा.

"हे कुणाचं डोकं?" बाई म्हणाल्या.

मी पुढे झालो. असल्या वेळी माझाच उपयोग. "बाई, ही फार जुनी रीत आहे. पूर्वी डोंगरापलीकडच्या राजाच्या मुदपाकखान्यात—"

"थापाड्या, गप." प्लास्टर उभा राहिला. हात पुसायला लागला, पण वाळलेलं पुसलं जात नाही. "बाई, मी आयुष्यात कोबी केलेला नाही. अंडंसुद्धा उकडलेलं नाही. दर रविवारी करतो म्हणालो ते साफ खोटं. आणि आज केला तर... चुकून प्लास्टर घातलं. आत काय झालंय मला माहीत नाही. फुटला असेल कदाचित."

"खोटं होतं ते माहीतच होतं मला," बाई म्हणाल्या आणि खुर्ची ओढून बसल्या.

"माहीत होतं?"

"तुमचे ॲप्रन कोण धुतं इतकी वर्षं? चुना, आयोडीन, चहा. तेलाचा एक डाग नाही कधी. दर रविवारी कोबी करणारा माणूस सोमवारी इतका स्वच्छ येतो होय?"

"मग आलात कशाला?" हे मी विचारलं.

"म्हटलं बघू, कसे सुटताय ह्यातून." त्यांनी गोळ्यावर टिचकी मारली. "हं. काम मात्र छान झालंय. उघडा आता."

प्लास्टरने पेटीतून कातर काढली. लांब दांड्याची, बोथट चोचीची, खास प्लास्टर कापायची. एक हात गोळ्यावर ठेवला, वाकला, आणि सवयीने म्हणाला, "घाबरू नका हं. हलायचं नाही. नुसत्या गुदगुल्या होतील."

बाई हसल्या. मी त्यांना ओळखतो तेव्हापासून गंभीर बघत आलोय. त्या दिवशी टेबल धरून हसल्या, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. प्लास्टर मात्र हसला नाही. त्याची कातर कट-कट-कट करत एका बाजूने उतरली, दुसऱ्या बाजूने चढली. त्याने दोन्ही हातांनी ते कवच धरलं आणि फाकवलं. नारळ उघडावा तसं ते उघडलं. कापूस उचलला. फडकं सोडवलं. मी डोळे मिटून घेतले.

"बघ," तो म्हणाला.

कोबी अख्खा होता. एक पान सुटलेलं नव्हतं, एक शीर फाटलेली नव्हती. हिरवेपणा जाऊन पानं मेणासारखी पारदर्शक झालेली, आणि त्यांच्यातून आतलं सारण काचेतून दिवा दिसावा तसं दिसत होतं. टोमॅटोचा रस पानापानांतून झिरपून खाली लाल तळं साचलेलं.

प्लास्टरने सुरी उचलली.

"थांबा," बाई म्हणाल्या. "आमच्याकडे कापत नसत. पानापानानं सोडवायचे. मधलं सगळ्यांत चांगलं ना, ते आजोबांना. मग बाबांना. मग भावांना. आम्ही बहिणी बाहेरची पानं चाटायचो. मधलं कसं लागतं मला ठाऊक नाही. नुसता वास ठाऊक आहे."

प्लास्टरने सुरी खाली ठेवली. मग तो पुन्हा तसाच, तळवा सरकवत, एकेक पान सोडवू लागला. पहिलं मोठं पान त्याने स्वतःच्या ताटात घेतलं. दुसरं माझ्या. मग पुन्हा स्वतःच्या, पुन्हा माझ्या. शेवटी मुठीएवढा गोळा उरला, सारणाने गच्च भरलेला, कोवळ्या पिवळ्या पानांत मिटलेला. तो त्याने दोन्ही हातांनी उचलून बाईंच्या ताटात ठेवला.

"हा सगळा?"

"सगळा."

आणि मग त्याने विचारलं. घोकून ठेवलेलं लांबलचक भाषण होतं, मीच तालीम घेतली होती, त्यातलं एक वाक्य आलं नाही. तो एवढंच म्हणाला, "बाई, भाच्याकडे नका जाऊ."

बाईंनी घास तोंडात घातला. डोळे मिटले. इतका वेळ चावला की मी तीनदा आवंढा गिळला.

"इथं माझी खाट कुठे पडणार?" त्या डोळे न उघडता म्हणाल्या. "व्हरांड्यात?"

"मागची खोली आहे की! ही काय, ह्या दाराच्या आड."

"आतून कडी आहे?"

"लावून देतो. आजच लावतो."

"सकाळचा चहा मी करणार नाही. जन्मभर सगळ्यांच्या आधी उठले."

"मी करीन."

"तुम्हाला येतो?"

"नाही."

"हं." बाईंनी डोळे उघडले. "हे खरं बोललात. खोली तर बघू द्या."

प्लास्टर असा उठला की खुर्ची मागे आडवी झाली. त्याने मागच्या खोलीचं दार ओढलं. दार आधी येईना, मग एकदम आलं. आत छतापर्यंत कुबड्या, मोडक्या व्हीलचेअरची चाकं, कापसाचे गठ्ठे, बरे झालेल्यांनी परत आणून टाकलेल्या काठ्या. "पाच मिनिटं!" तो ओरडला. "थापाड्या, ये इकडे!" मी माझ्या पानाकडे एकवार बघितलं आणि गेलो. आम्ही कुबड्या काखेत मारून जिन्यावर नेऊ लागलो. एक गठ्ठा माझ्या हातून सुटला, काठ्या खणखणत फरशीवर पसरल्या, आणि बाई सवयीने अर्ध्या उठल्या. मग थांबल्या. पुन्हा खाली बसल्या. ताट जवळ ओढून घेतलं.

खोली बरीच रिकामी झाली तेव्हा कोपऱ्यात त्याच्या बायकोचं शिवणयंत्र दिसलं. वर फुलांचं, हाताने शिवलेलं झाकण, आणि झाकणाच्या कडेला अजून एक सुई टोचलेली, दोऱ्यासकट. प्लास्टरने यंत्रावर हात ठेवला आणि तसाच उभा राहिला. मला अशा वेळी काहीतरी सांगता येतं. त्या वेळी आलं नाही.

"ते राहू दे तिथंच," स्वयंपाकघरातून बाई म्हणाल्या. "खोली पुष्कळ मोठी आहे."

आणि त्यांनी आणखी एक घास घेतला. सावकाश, कुणासाठीही न उठता, त्या मधला कोबी खात बसल्या होत्या.